नॅशनल फुटबॉल लीग (१९९६–२००७): नागपूरच्या मैदानावर वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सकाळी साडेसहाला पोट्टे मैदानावर येतात आणि वॉर्मअपच्या दोन फेऱ्या संपायच्या आत कोणीतरी विचारतंच, "सर, आयएसएलच्या, म्हणजे इंडियन सुपर लीगच्या आधी काय होतं?" रविवारी सराव आटोपून तर्री-पोहे खायला बसलो की त्यांचे बाबाही त्यात सामील होतात. मग तेच ते प्रश्न आणि दर वेळी थोडी वेगळी उत्तरं. एकदा लिहूनच टाकावीत म्हटलं.

नॅशनल फुटबॉल लीग? ती अमेरिकेतली ना, हेल्मेट घालून खेळतात ती?

ती वेगळी. मोबाइलवर 'एनएफएल' टाकलं की पहिल्या पन्नास ठिकाणी तीच दिसते, हे आपल्या लीगचं आणखी एक दुर्दैव. इथे बोलतोय ती अखिल भारतीय फुटबॉल महासंघाने डिसेंबर १९९६मध्ये सुरू केलेली लीग. तेव्हा महासंघाचे अध्यक्ष होते प्रियरंजन दासमुन्शी. अकरा हंगाम झाले. शेवटचा २००६–०७चा.

त्याआधी भारतात लीग नव्हतीच का?

लीग होत्या, पण शहरांच्या. कोलकाता लीग १८९८पासूनची. मुंबईची हारवुड लीग १९०२ची. नागपूरचीही जिल्हा लीग होती, आजही आहे. देशभरातले संघ एकमेकांशी भिडायचे ते बाद पद्धतीच्या स्पर्धांत: ड्युरँड (१८८८), मुंबईचा रोव्हर्स कप (१८९१), आयएफए शील्ड (१८९३) आणि पुढे १९७७पासून फेडरेशन कप. बाद स्पर्धेत एक वाईट दिवस आला की गाशा गुंडाळून घरी. वर्षभर खेळून कोण खरंच चांगलं हे ठरवायची सोय १९९६पर्यंत देशपातळीवर नव्हती. ज्या देशाच्या संघाने १९५६च्या ऑलिंपिकमध्ये चौथा क्रमांक मिळवला, त्याला स्वतःची लीग उभी करायला आणखी चाळीस वर्षं लागली.

पहिला हंगाम कोणी जिंकला? मोहन बागान की ईस्ट बंगाल?

दोघांपैकी कोणीच नाही, आणि मला ती गोष्ट अजूनही आवडते. पंजाबातल्या फगवाड्याची जेसीटी मिल जिंकली. जेसीटी म्हणजे जगतजीत कॉटन अँड टेक्सटाइल, कापडगिरणीचा संघ. एम्प्रेस मिल आणि मॉडेल मिलच्या भोंग्यांवर घड्याळ लावणाऱ्या नागपूरकराला गिरणीचा संघ म्हणजे काय ते समजावून सांगावं लागत नाही.

प्रशिक्षक सुखविंदर सिंग. संघात आय. एम. विजयन, कार्लटन चॅपमन आणि सिक्कीमचा कोवळा बायचुंग भुतिया. बायचुंगने त्या हंगामात १४ गोल केले आणि लीगचा पहिला सर्वाधिक गोल करणारा खेळाडू तो ठरला. पहिल्या वर्षी १२ संघ होते, दोन गटांत. त्यांतून वर आलेले आठ संघ विजेतेपदासाठी खेळले. चर्चिल ब्रदर्स दुसरे.

मी तेव्हा कॉलेजात होतो. एका लांब वहीत गुणतक्ता लिहायचो. पेपरात निकाल यायचा तो क्रिकेटच्या खाली, कधी दोन ओळी, कधी नुसता आकडा, कधी तेही नाही. कुठल्या सामन्याचा निकाल आलाच नाही तर वहीत जागा मोकळी सोडायची आणि पुढच्या आठवड्याच्या गुणांवरून उलटा हिशेब करायचा: यांचे तीन वाढले म्हणजे हे जिंकले असणार. अशा रिकाम्या चौकटी त्या वहीत बऱ्याच आहेत. काही अजून भरलेल्या नाहीत.

सगळे विजेते क्रमाने सांगा ना.

१९९६–९७ जेसीटी. १९९७–९८ मोहन बागान. १९९८–९९ गोव्याचा साळगावकर. १९९९–२००० पुन्हा मोहन बागान. २०००–०१ ईस्ट बंगाल. २००१–०२ तिसऱ्यांदा मोहन बागान. २००२–०३ आणि २००३–०४ ईस्ट बंगाल. सलग दोनदा लीग जिंकणारा हा एकमेव संघ, दोन्ही वेळा प्रशिक्षक सुभाष भौमिक. २००४–०५ गोव्याचाच धेंपो. २००५–०६ मुंबईचा महिंद्र युनायटेड. २००६–०७ पुन्हा धेंपो, आणि त्या शेवटच्या हंगामात दुसरा क्रमांक होता जेसीटीचा. जिने पहिली लीग जिंकली ती गिरणी शेवटच्या वर्षीही झुंजत होती. तेव्हा तिच्याकडून खेळत होता सुनील छेत्री.

मग हिला 'राष्ट्रीय' का म्हणायचं?

हा प्रश्न विचारणारा पोरगा मला फार आवडतो, कारण तो मोजून बसलेला असतो. अकरा विजेतेपदं. त्यांतली सहा कोलकात्याला, तीन गोव्याला, एक फगवाड्याला, एक मुंबईला. म्हणजे अकरांतली नऊ दोनच ठिकाणी. संघांची यादी बघितली तरी तसंच: कोलकाता, गोवा, मुंबई, पंजाब, बेंगळुरू, केरळ, चेन्नई. नकाशावर बोट फिरवलं तर सगळी कड रंगते आणि मध्ये भलामोठा कोरा पट्टा राहतो. विदर्भ, मध्य प्रदेश, छत्तीसगड, तेलंगणाचा वरचा भाग. पाटीवर 'नॅशनल' लिहिलेलं, पण ती होती चार-पाच फुटबॉलवेड्या प्रदेशांची लीग. आम्ही प्रेक्षकही नव्हतो. वाचक होतो.

गंमत अशी की हावड्याहून मुंबईला जाणारी गाडी नागपूरवरून जाते, आणि पंजाब-दिल्लीहून चेन्नईला जाणारीही. दोन्ही रूळ इथेच एकमेकांना कापतात. सगळा देश आमच्या फलाटावरून जायचा, फक्त लीग काही इथे उतरली नाही.

हे कोणा एकाचं पाप आहे असं मात्र मी म्हणणार नाही. संघ तिथेच होते जिथे आधीपासून मोठे क्लब होते, किंवा खेळावर पैसे घालणारा कारखाना, बँक, एखादं सरकारी खातं होतं. लीगने नवी गावं शोधली नाहीत. होत्या त्या संघांना एका तक्त्यात बसवलं, एवढंच. आम्ही मात्र त्या तक्त्याला देश समजलो.

नागपूरचा एकही संघ नव्हता?

पहिल्या श्रेणीत नाही. नागपूरचा नाही, विदर्भाचाही नाही.

इथे फुटबॉल नव्हता म्हणून नव्हे. कामठीत जाऊन बघा. छावणी १८२१ची, म्हणजे गोऱ्या पलटणींबरोबर चेंडू आला आणि गावाने तो परत केलाच नाही. रब्बानी क्लबसारखी नावं इथल्या घराघरांत माहीत. नागपुरात यंग मुस्लिम, राहुल क्लब, रेल्वेचा संघ, पोलिसांचा संघ. पावसाळ्यात मैदानाचा चिखल होतो आणि तेव्हाच खरी गर्दी जमते. कमतरता होती ती तीन गोष्टींची: संघ वर्षभर पोसणारा धनी, रात्रीच्या दिव्यांचं आणि धड गवताचं मैदान, आणि आमचं म्हणणं मुंबईत जोराने मांडणारा कोणी. तिसरी गोष्ट विदर्भात राहणाऱ्याला नव्याने काय सांगायची!

पण जुन्या निकालांत मी 'बंगाल नागपूर' वाचलंय. तो आपलाच संघ ना?

नाही रे राजा. बीएनआर म्हणजे बंगाल नागपूर रेल्वे. कंपनीच्या नावात नागपूर होतं, मुख्यालय कोलकात्यात गार्डन रीचला, आणि संघ कोलकाता लीगमध्ये खेळायचा. १९६२च्या जकार्ता आशियाई स्पर्धेत सुवर्णपदक जिंकणाऱ्या भारतीय संघातले अरुण घोष या संघाकडूनही खेळले. कोलकात्याच्या लीगमध्ये कित्येक वर्षं आपल्या गावाचं नाव गाजलं ते असं, पाहुण्याच्या अंगरख्यावर. आमचे एक काका हे मान्यच करत नसत. "नाव आपलं ना? मग संघ आपला," विषय संपला.

एक लाख तीस हजार लोकांनी बघितलेला सामना याच लीगचा होता ना?

तो फेडरेशन कपचा उपांत्य सामना. १३ जुलै १९९७, सॉल्ट लेक स्टेडियम, प्रेक्षक १,३१,७८१. ईस्ट बंगालने मोहन बागानला ४–१ हरवलं आणि बायचुंगने तीन गोल मारले. बागानचे प्रशिक्षक अमल दत्त तेव्हा त्यांच्या 'डायमंड' रचनेमुळे, म्हणजे खेळाडूंच्या हिऱ्याच्या आकाराच्या मांडणीमुळे गाजत होते. नागपुरात डायमंड म्हटलं की रेल्वेचं डायमंड क्रॉसिंग आठवतं, त्यामुळे पेपरात वाचून आम्हाला वाटलं होतं की चारही बाजूंनी गाड्या सुटणार! सुटल्या, पण समोरून.

हा सामना लीगच्या खात्यावर टाकण्याची चूक बरेच जण करतात. लीगच्या साध्या सामन्यांना एवढी माणसं येत नसत. कोलकात्याची डर्बी, म्हणजे मोहन बागान–ईस्ट बंगाल लढत, सोडली तर अनेक ठिकाणी भर दुपारी रिकाम्या पायऱ्यांसमोर खेळ व्हायचा.

महाराष्ट्राच्या वाट्याला काय आलं?

एक विजेतेपद, २००५–०६चं, महिंद्र युनायटेडचं. प्रशिक्षक डेरिक परेरा. त्याच हंगामात त्यांनी फेडरेशन कपही जिंकला, म्हणजे दुहेरी मुकुट. कंपनीचा संघ १९६२पासूनचा, घरचं मैदान कूपरेज.

मुंबईतल्या मित्राने फोन करून सांगितलं, "आपण जिंकलो." मी म्हटलं, "कोण आपण?" मुंबई आठशे किलोमीटर दूर. नागपूर जिल्ह्यातल्या पोराला त्या संघाच्या चाचणीला जायचं तर एक रात्र जायला, एक रात्र यायला. तरीही त्या रात्री वहीत महिंद्रच्या नावाखाली मी दोन रेघा ओढल्या, हे कबूल करतो.

एअर इंडिया, इंडियन बँक, बीएसएफ, पंजाब पोलीस... ही खाती लीगमध्ये काय करत होती?

याचं उत्तर लांबणार आहे. चहा मागवा.

भारतात फुटबॉलपटूचं पोट क्लबने नाही, खात्याने भरलं. रेल्वे, पोलीस, बँका, टेलिफोन कारखाना, विमान कारखाना, तेल कंपनी. खेळाडू कोट्यातून नोकरी लागायची. सकाळी सराव, नंतर कार्यालयात हजेरी, हंगाम आला की ड्युटीतून सूट. गुडघा गेला, वय झालं, तरी टेबल आणि पगार शाबूत. पेन्शनही. नॅशनल लीगच्या पहिल्या दहा वर्षांत असे खात्यांचे संघ मोहन बागानच्या बरोबरीने एकाच तक्त्यात असायचे. तक्त्याच्या तळाशी असायचे बहुतेक वेळा, पण असायचे.

आमच्याकडच्या बापाला लीग-बिग काही कळत नव्हतं. त्याला हे कळत होतं. माझे वडील विचारायचे, "बॉल मारून नोकरी लागते का?" आणि मी छाती काढून सांगू शकायचो, "लागते." शेजारच्या आळीत एसआरपीतला गोलकीपर राहायचा. त्याची सरकारी सायकल हाच माझा पुरावा.

कामठीचा एक मित्र, माझ्यापेक्षा दसपट चांगला. डाव्या पायाने असा काही क्रॉस टाकायचा की आत उभ्या असलेल्याने फक्त डोकं लावायचं. त्याला मुंबईतल्या एका खात्याच्या संघाचं चाचणीचं पत्र आलं. त्याने मोच्याकडे बसून बुटांचे झिजलेले स्टड बदलून घेतले, जुने स्टड कागदात गुंडाळून खिशात ठेवले, न जाणो लागले तर. विदर्भ एक्सप्रेसला आम्ही सहा जण सोडायला गेलो. चाचणी झाली, निवड झाली असं तोंडी सांगितलं, आणि मग त्या खात्याने खेळाडूंची भरतीच थांबवली. वर्षभर त्याने वाट बघितली. आज त्याचं हार्डवेअरचं दुकान आहे, चांगलं चालतं. फुटबॉलचा विषय काढला की हा गडी खिळ्यांचे भाव सांगायला लागतो.

पुढे आशियाई फुटबॉल महासंघाचे क्लब-परवान्याचे नियम आले. क्लब ही स्वतंत्र संस्था हवी, खेळाडूंशी व्यावसायिक करार हवेत, लहान वयोगटांचे संघ हवेत. नियम चुकीचे नव्हते, कागदावर तर उत्तमच. पण खात्याचा संघ त्या साच्यात बसत नाही. त्याचा खेळाडू हा कर्मचारी असतो. २०१३मध्ये एअर इंडिया आणि ओएनजीसी हे दोन मुंबईचे संघ परवान्याच्या याच अटींवर आय-लीगमधून, म्हणजे नॅशनल लीगच्या जागी आलेल्या लीगमधून बाहेर पडले. ओएनजीसी तर काही काळ लीगची प्रायोजकही होती! आपल्याच मांडवातून नवरदेव उठवला.

खात्यांचे संघ ठेवायलाच हवे होते असं माझं म्हणणं नाही. व्यावसायिक फुटबॉल हा कारकुनीच्या जोडीने खेळायचा खेळ नव्हे, हे मलाही कळतं. पण जुना दरवाजा बंद केला तेव्हा नवा कुठे आहे ते छोट्या गावांना कोणी दाखवलं नाही. दोन-तीन वर्षांच्या करारावर मुलाला सोडायला कोणता बाप तयार होईल? मी स्वतः प्रशिक्षण देतो, आणि माझ्याकडेही या प्रश्नाला छाती काढून देण्यासारखं उत्तर आता नाही.

मैदानावर मृत्यू झाला तो खेळाडू याच लीगमधला का?

हो. ब्राझीलचा क्रिस्तियानो ज्युनियर. २००३–०४च्या हंगामात तो ईस्ट बंगालकडून खेळला, लीगमध्ये सर्वाधिक १५ गोल केले आणि मग धेंपोकडे गेला. ५ डिसेंबर २००४ला बेंगळुरूत फेडरेशन कपचा अंतिम सामना होता, समोर मोहन बागान. दोन्ही गोल त्यानेच केले. दुसरा गोल करताना गोलरक्षकाशी टक्कर झाली आणि तो उठलाच नाही. धेंपोने कप जिंकला, काही महिन्यांनी लीगही जिंकली. आमच्याकडे प्रशिक्षणाला येणाऱ्या प्रत्येक पालकाला मी हे मुद्दाम सांगतो आणि मग विचारतो, मैदानापासून सगळ्यांत जवळचा दवाखाना कोणता, माहीत आहे? बहुतेकांना नसतं.

लीग बंद का पडली?

दिवाळखोरी झाली, टाळं लागलं, असं नाही. २००७मध्ये महासंघाने तिच्या जागी आय-लीग आणली. आशियाई महासंघाचा व्यावसायिकतेचा आग्रह होताच. त्यात रिकामी मैदानं, कोलमडणारं वेळापत्रक, टीव्हीवर कधी दिसते कधी नाही अशी अवस्था. शेवटी शेवटी झी स्पोर्ट्सवर सामने दिसू लागले, पण आमच्या केबलवाल्याकडे ते चॅनल चालू करून घ्यायला मला तीन चकरा माराव्या लागल्या. तिसऱ्यांदा तो म्हणाला, "सायेब, अख्ख्या वॉर्डात तुम्हीच एकटे मागून राह्यले."

पैशाचं गणितही कच्चं. १९९७मध्ये निघालेला एफसी कोचीन हा तेव्हाचा सगळ्यांत व्यावसायिक प्रयोग म्हणायचा. पहिल्याच वर्षी त्यांनी ड्युरँड कप जिंकला, केरळच्या संघाने तो पहिल्यांदाच जिंकला होता. २००२च्या सुमारास क्लब बंद. पैसा संपला. पाच वर्षांत खेळ खलास.

मग आय-लीग म्हणजे तीच लीग, नवीन कपड्यांत?

बरीचशी. १० संघांची शेवटची नॅशनल लीग धेंपोने जिंकली आणि १० संघांची पहिली आय-लीगही धेंपोनेच जिंकली. माझ्या वहीत तर मी नवं पान काढलंच नाही, त्याच पानावर नाव खोडून वर नवं लिहिलं. २०१४ला आयएसएल आली, आणि २०२२–२३पासून आय-लीगचा विजेता आयएसएलमध्ये बढतीवर जायला लागला. म्हणजे आय-लीग तेव्हापासून दुसरी श्रेणी.

संतोष ट्रॉफी म्हणजे काय मग?

ती राज्यांच्या संघांची, १९४१पासूनची. क्लबांची नाही. क्रिकेटच्या रणजीसारखी समजा.

आणि विजय बारसे सरांचं स्लम सॉकर? ते याच लीगमधून निघालं का?

काही संबंध नाही. पण काळ तोच, म्हणून सांगतो. २००१मध्ये, म्हणजे ईस्ट बंगालने पहिल्यांदा लीग जिंकली त्या वर्षी, हिस्लॉप कॉलेजचे क्रीडाशिक्षक विजय बारसे यांनी नागपुरात झोपडपट्टीतल्या मुलांसाठी फुटबॉल सुरू केला. पावसात काही पोरं फुटक्या बादलीला लाथा मारत खेळताना त्यांना दिसली, तिथून ते सुरू झालं. २०१६मध्ये या संस्थेला फिफाचा पुरस्कार मिळाला. नॅशनल लीगच्या नकाशावर कोऱ्या राहिलेल्या गावात हे घडलं, मंडळाच्या परवानगीशिवाय, गुणतक्त्याशिवाय.

त्या संघांपैकी आज कोण शिल्लक आहे?

मोहन बागान आणि ईस्ट बंगाल २०२०–२१पासून आयएसएलमध्ये आहेत, मोहम्मडन स्पोर्टिंगही २०२४मध्ये वर गेला. महिंद्र युनायटेड २०१०मध्ये बंद झाला, जेसीटी २०११मध्ये. महाराष्ट्राचा एकमेव विजेता आणि पहिला विजेता, एका वर्षाच्या अंतराने. साळगावकर आणि धेंपो २०१६मध्ये आय-लीगमधून बाहेर पडले. धेंपो मात्र २०२४–२५ला आय-लीगमध्ये परत आला. त्या दिवशी मी माळ्यावरून वही काढली. वाळवी कव्हरापर्यंतच पोचली होती.